जुनाच नियम पाहिजे

आता चहा आलाच आहे, तर माझ्या हुशारीची कथा ऐकून घ्या. फक्त बायकोसमोर विषय काढू नका.

गावात कुणाचाही सरकारी अर्ज असो, लिहिणार मीच. 'सदर' आणि 'उपरोक्त' तर मी चहात साखर टाकावी तसे टाकतो. आमच्या पाच शेळ्यांच्या गोठ्याच्या अनुदानासाठीही मी केजला, तालुक्याच्या ऑफिसात अर्ज दिला होता. तोवर शेळ्या आमच्याच पुढच्या खोलीत. बायको म्हणायची, "पाव्हणा आला की आदी शेळी उठवा, मग त्याला बसवा."

वर्षभर अर्ज पडून. मग एक दिवस स्टँडवर कळलं, गोठ्याचा नियम बदलला, आणि पडून असलेल्या अर्जांनाही नवाच लागणार. माझं टाळकंच सरकलं.

"अर्ज दिला तवा एक नियम अन् निकालाला दुसरा? ही कुठली रीत हाय?"

"पर बदललंय काय, ते इचारलं का?" बायको म्हणाली.

"सरकार आपल्या सोयीसाठी बदलतंय व्हय?"

ती शेळ्यांना पाला टाकायला गेली.

मी तीन पानी हरकत लिहिली. 'अर्जाच्या दिवशीचाच नियम लागू करावा, अन्यथा उपोषणास बसेन.' बायकोला वाचून दाखवली. दुसऱ्या पानावर तिला झोप लागली.

ऑफिसातल्या मॅडमनी पहिलंच पान वाचून चष्मा काढला. "काका, लेखी मागितलं तर जुना नियम लावता येतो. पण नवा एकदा वाचून तरी बघा."

"म्या लई अर्ज लिहिलेत, मॅडम. मला नका शिकवू."

"अहो, नवा तुमच्याच..."

"जुनाच."

परतीच्या जीपमध्ये मी सगळ्यांना सांगितलं, सरकारला वाकवून आलोय.

पंधरा दिवसांत कागद आला. 'आपल्या विनंतीनुसार जुना नियम लागू केला. त्यानुसार जागा अर्जदाराच्या नावे हवी. ती आपल्या भावाच्या नावे असल्याने अर्ज नामंजूर.'

आणि नव्या नियमात? भावाचं संमतिपत्र चालत होतं, आणि ते मी अर्जाला आधीच जोडलेलं होतं. म्हणजे मी नुसता घरी गप्प बसलो असतो, तरी गोठा मिळाला असता. खरं सांगतो, मला रडू यायचंच बाकी होतं.

बायकोनं कागद दोनदा वाचला. मग तांबड्या शेळीचा दोर माझ्या हातात दिला. "जिंकलात की. आता हिला जुन्या नियमानं खोलीत बांधा."

नवा अर्ज तिनंच लिहिला, चार ओळींचा. मला हात लावू दिला नाही. त्याचा निकाल लागेपर्यंत शेळ्या आमच्यातच आहेत.

परवा सकाळी उठलो, तर उशाला ठेवलेली माझ्या हरकतीची नक्कल गायब, आणि तांबडी निवांत रवंथ करत बसलेली. तिन्ही पानं शेवटपर्यंत संपवणारी ती एकटीच.