सखारामच्या लेकीचं जावळ

१९४४ च्या पावसाळ्यात मी ब्रह्मदेशाच्या आघाडीवरून महिन्याच्या रजेवर आलो. मला घर नव्हतं. आईबाप लहानपणीच गेले, लग्नाच्या भानगडीत मी पडलो नाही. एरवी रजा पलटणीच्या डेपोतच काढायचो. या वेळी काम होतं. आमच्या सेक्शनचा लान्स नाईक सखाराम गस्तीवर असताना मारला गेला होता. त्याचं घड्याळ खालापूरजवळच्या त्याच्या गावी पोचवायचं, चहा घ्यायचा आणि परतायचं, असा माझा बेत.

कर्जतला गाडीतून उतरून गाव गाठलं. तो गेल्याची तार आधीच पोचली होती. सखारामची बायको भागीरथी हिवतापाने अंथरुणाला खिळली होती. शेजारी सगळे भाताच्या लावणीला गेलेले. दोन वर्षांची गंगू उंबऱ्याशी बसलेली, केस खांद्यापर्यंत, डोळ्यांवर आलेले. बापाने तिला पाहिलंही नव्हतं.

"भावजी, कालपास्नं पोरीनं काय खाल्लं नाय," भागीरथी म्हणाली. "अंग लई तापलंय."

घड्याळ भागीरथीच्या उशाशी ठेवलं आणि गंगूच्या कपाळाला हात लावला तर चटका बसला. जपान्यांशी कसं वागायचं ते पलटणीने शिकवलं होतं, अशा पोरीशी कसं ते नाही. पेज शिजवली, माझ्या पलटणीच्या जेवणाच्या डब्यात ओतून तिच्यापुढे ठेवली.

"खा."

तिने तोंड घट्ट मिटलं. मी आवाज चढवला. तिने भोकाड पसरलं.

"हुकूम नका सोडू," आतून भागीरथी म्हणाली. "कडेवर घ्या. कोंबड्या दावा."

मग अंगणात कोंबड्यांची हजेरी सुरू झाली.

"तांबडी?"

"हजर."

विचारणारा मीच, उत्तर देणाराही मीच. थोड्या वेळाने गंगू म्हणाली, "हजल." तोंड उघडलं तसा मी चमचा आत सारला.

दुपारी तिला पावसातून खालापूरच्या दवाखान्यात नेलं. डॉक्टर म्हणाले, "पोटात पेज आहे म्हणून क्विनाईन झेपेल. उशीर झाला असता तर पोर हाती लागली नसती."

मायलेकी उठेपर्यंत मी तिथेच राहिलो. चूल, पाणी, औषध आणि कोंबड्या.

रजा संपत आली तेव्हा भागीरथी म्हणाली, "तिचं जावळ काढायचं हाय. बाप येईल म्हणून थांबलो व्हतो. मला भाऊ नाय. दादा, तुमी मांडीवर घ्याल तिला?"

आपल्याकडे जावळ मामाच्या मांडीवर काढतात. भावजीचा मी दादा झालो होतो. "घेतो," एवढंच म्हणालो. इतकं मोठं मला आयुष्यात कोणी काही दिलं नव्हतं. सखारामच्या घरचे हे उपकार मी आजही मानतो.

न्हावी आला. केस माझ्या खाकी पँटवर पडू लागले. आघाडीवर सखारामला सलामी द्यायला कोणाला सवड मिळाली नव्हती. त्या सकाळी उठून द्यावी असं फार वाटलं. उठता आलं नाही, मांडीवर त्याची लेक होती.