खंडूअण्णाच्या पटकथेतला भित्रा

खंडूअण्णा गेल्याचं मला कचेरीत टेलिफोनवर कळलं. सांगायला लाज वाटते, पण डोळ्यांत पाणी यायच्या आधी मनात आलं ते हे की, आता त्याला विचारायचं कायमचं राहिलं...

बंगळूरच्या आमच्या तालमीत लाठी आणि पट्टा फिरवावा तो त्यानेच. त्या जोरावर तो कन्नड स्टंटपटांत शिरला आणि जोडीदार म्हणून मलाही घेऊन गेला. आनेकलजवळच्या खडकांवर चित्रीकरण चाललं होतं. अण्णा दोराला लोंबकळत कडा उतरत होता, वर दोर धरून मी. माझ्या हातात दोर वीतभर सरकला आणि लगेच एकदम हलका झाला. अण्णा खाली पडला होता. कंबर गेली, पडद्यावरची मारामारी संपली. दवाखान्यात तो मला एवढंच म्हणाला, "सरी, ठीक आहे, झालं ते झालं." त्या शब्दांत मला 'दोर तूच सोडलास' असं ऐकू आलं.

पुढे तो पटकथा लिहू लागला, आणि झकास लिहायचा. लाठीचा वार न् वार कागदावर दिसायचा. पण प्रत्येक पटकथेत ऐन वेळी दगा देणारा एक भित्रा असायचाच! मी थिएटरात बसून त्या माणसाची चाल, त्याचं बोलणं तपासायचो. हा मीच, अशी माझी खात्रीच झाली. अण्णा दर सणाला जेवायला बोलवायचा, पण ताटावर बसलं की त्याची नजर माझ्या तोंडावर. हा जेवू घालत नाही, पाळत ठेवतोय, असं वाटून मी खाली मान घालून भराभर जेवायचो.

परवा त्याच्या घरी गेलो. त्याची बायको ताराक्का कॉफी घेऊन आली, तेव्हा न राहवून विचारलं, "अक्का, त्या पटकथांतला भित्रा... मीच ना?"

"अय्यो, भावजी! तुम्ही कशाला? ते स्वतःच की. दोर स्वल्प हलला, खाली बघून घाबरले आणि हात सोडले त्यांनी. तुम्हाला ते कळलंय, असा संशय होता त्यांना. जेवायला बोलवून तुमचं तोंड बघत बसायचे."

आधी मला रागच आला. इतकी वर्षं! मग मात्र रडू आवरेना.

त्याच्या खोलीच्या दारात, चौकटीला वर एक लोखंडी कांब ठोकलेली आहे. शेवटच्या आजारापर्यंत रोज सकाळी तो तिला लोंबकळून हात सुटेपर्यंत आकडे मोजायचा, असं अक्का म्हणाली. मधोमध दोन पंजांएवढी जागा घासून चकचकीत झाली आहे. मी बाह्या वर सारल्या आणि तिथेच कांब धरली. वीसपर्यंत मोजलं, आणि मीही हात सोडले.