हसऱ्या उंटाचा चित्रकार

जुन्या चित्रकारांनी सह्या केल्या नाहीत, म्हणून तर आम्हा कला-इतिहासकारांची चूल पेटते. नाव नसलं की आम्ही एक ठेवून देतो. आमच्या शहरातल्या बनी पार्क वस्तीत एका गेस्टहाउसच्या जिन्यात मला राजाच्या मिरवणुकीचं एक छोटं चित्र दिसलं. त्यातला उंट गालातल्या गालात हसत होता. कागद पिवळा पडलेला, मागे फारसी अक्षरं. मी तिथेच, पायरीवर उभ्या उभ्या, त्या अज्ञात माणसाचं बारसं उरकलं: ‘हसऱ्या उंटाचा चित्रकार’. चित्राचं वय दोनशे वर्षं ठरवलं. उंट राजाची टिंगल करतोय असा सिद्धान्त जोडला आणि तो निमंत्रणपत्रिकेत छापून व्याख्यानही जाहीर करून टाकलं.

व्याख्यानाच्या आदल्या दिवशी रंगांबद्दलची एक शंका घेऊन मी एका म्हाताऱ्या चित्रकारांकडे गेले. लघुचित्रांत त्यांचा हात धरणारा शहरात कोणी नाही. मोबाइलवरचा फोटो पाहून ते इतके हसले की हातातला ब्रश खाली ठेवावा लागला.

“मॅडमजी, यह तो मेरा ऊँट है!”

“कागद जुना आहे,” मी हिंदीत ठणकावलं.

“काग़ज़ पुराना, हाथ मेरा. घुटने के पास देखिए.”

जुन्या दस्तांचे कागद मिळवून त्यांवर नवी चित्रं काढायची इथली रीत मी दरवर्षी विद्यार्थ्यांना शिकवते! फोटो मोठा केला. उंटाच्या गुडघ्यापाशी मुंगी. ती त्यांच्या प्रत्येक चित्रात असते म्हणे. ‘काळाने पाडलेला डाग’ म्हणून मी तिच्यावर अख्खा परिच्छेद लिहिला होता.

“कहिए तो चुप रहूँ,” ते प्रेमाने म्हणाले.

मोह झाला, खोटं कशाला बोलू? शहरातले झाडून सगळे जाणकार येणार होते. घरी आईला सांगितलं. ती रेल्वेतल्या बाबांच्या बदलीमुळे नागपूरहून इथे आली, आणि कुणाची भीड म्हणून ठेवत नाही.

“अगं, दोनशे वर्षांचा माणूस तुझ्याशी बोलला, हे काय कमी झालं? उद्या घेऊन जा त्याला.”

दुसऱ्या दिवशी पडद्यावर उंट दाखवला आणि घसा खाकरला. “माझा अंदाज जवळपास दोनशे वर्षांनी चुकलाय. चित्रकार तिसऱ्या रांगेत बसलेत.”

आधी हशा, मग टाळ्या. ते हात जोडून उभे राहिले.

“बाकी मॅडमजी ने ठीक ही लिखा है. बस, ऊँट राजा पर नहीं हँस रहा. मेरे ससुरजी ऐसे ही हँसते थे.”

सगळं सभागृह खो खो हसलं. हसत नव्हती ती एकच व्यक्ती: त्यांच्या शेजारी बसलेली त्यांची बायको.