गुणाजी घाड्याचा रानकांदा

गुणाजी घाडी मुंबईत राणीच्या बागेच्या फाटकावर सव्वीस वर्षं तिकिटं फाडून १९५८ साली गावी परतला. फुलझाडांशी त्याचा संबंध एवढाच, की ती फाटकाच्या आत असायची आणि हा बाहेर. पण कुणकेश्वराच्या अलीकडच्या त्या सड्याखालच्या गावात हे तपासणार कोण? महिन्याभरात तो लोकांच्या आंब्याच्या कलमांवर मतं देऊ लागला, अबोलीला 'ऑर्डिनरी' म्हणू लागला. त्याची बायको यशोदा हिने ती सव्वीस वर्षं एकटीने भात लावला, झोडला, काजू वेचले. तिला तो कुदळ कशी धरावी ते शिकवू लागला. यशोदा ऐकून घ्यायची. लग्न जुनं होतं, पण सलग सहवास नवा होता.

पुढच्या श्रावणात वेंगुर्ल्याहून बागायत खात्याचे एक साहेब आले. गावावरच्या कातळी पठारावर, सड्यावर, त्यांची जीप बंद पडली, ती सुरू होईपर्यंत साहेब कातळावर हिंडत राहिले, आणि गुणाजी अर्थातच त्यांच्या मागे. कातळाच्या फटींतून मूठभर मातीत पांढरी फुलं उभी होती. कांद्याच्या पातीसारखी पानं, मधून एक दांडा, त्यावर लांब नळीची नाजूक फुलं. गावात सगळे त्याला रानकांदो म्हणायचे आणि पुढे जायचे. साहेब मात्र गुडघ्यांवर बसले.

"कोकणातले सडे सोडले तर हे जगात कुठेही सापडत नाही," ते म्हणाले. "फार दुर्मिळ आहे. जपा."

गुणाजीने यातलं 'दुर्मिळ' तेवढं घरी आणलं. 'जपा' सड्यावरच राहिलं.

त्याचं डोकं सरळ चाललं. फूल सड्यावर उरलंच नाही, तर जगात ते फक्त गुणाजी घाड्याच्या परसात असेल. दुसऱ्याच दिवशी पहार घेऊन तो वर गेला आणि आठवड्याभरात त्याने सडा उकरून काढला. टोपल्या यशोदा वाहत होती. बियाण्यापुरते थोडे कांदे वर ठेवूया का, असं तिने एकदा विचारून बघितलं.

"तुका फुलांतला काय कळता?" गुणाजी म्हणाला. "मी राणीच्या बागेत होतंय."

परसात वाफे झाले, कुंपण झालं, 'दुर्मिळ फुले. तोडू नयेत.' अशी पाटी लागली. तोडली असती तर कोंबड्यांनी, आणि त्यांना वाचता येत नव्हतं. गुणाजीने वाफ्यांत शेण घातलं, कुजवलेली मासळी घातली, आणि पाऊस सरल्यावर यशोदेला दोन्ही वेळा पाणी घालायला लावलं. कातळावर चिमूटभर मातीत जगणाऱ्या आणि पाऊस गेला की जमिनीखाली निजणाऱ्या झाडाला हा पाहुणचार सोसणार नाही, हे तिला दिसत होतं. पण सांगून उपयोग नव्हता, राणीची बाग मध्ये यायची. थोड्याच दिवसांत परसाला सडका वास सुटला. शेजारचा महादू गुरं घेऊन जाताना कुंपणाशी थांबून गंभीरपणे विचारायचा, हे कांदे फोडणीला चालतात का. गुणाजी त्याला अडाणी म्हणायचा.

माघात गुणाजी एका लग्नासाठी फोंडाघाटला गेला, तेव्हा यशोदेने वाफे हातांनी उकरले. सगळा चिखल झाला होता. त्यातून सुपारीएवढे तीसेक टणक कांदे निघाले. ते तिने सावलीत सुकवले, राखेत घालून मडक्यात ठेवले, आणि मिरगाच्या पहिल्या पावसात सड्यावर नेऊन फटीफटींत बसवले. टोपली घेऊन सड्यावर जाणाऱ्या बाईला कुठे चाललीस असं कोणी विचारत नाही.

त्या श्रावणात गुणाजीच्या तीन पत्रांनंतर साहेब पुन्हा आले. परसात पाटी होती. सड्यावर खड्डे होते. वरची फुलं कुठे गेली, असं साहेबांनी विचारलं.

"गुरांनी खाल्ली," गुणाजी शुद्ध मराठीत म्हणाला. महादू तिथेच उभा होता. साहेब चहा न घेता गेले, महादूने बोलणं टाकलं, आणि गाव गुणाजीला 'दुर्मिळ घाडी' म्हणू लागलं.

दोन वर्षं सड्यावर नुसती पात आली. तिसऱ्या वर्षी, बासष्टच्या श्रावणात, पंधरा-सोळा दांडे फुलले. गुणाजी धापा टाकत घरी आला. आपल्या बागेतलं बी वाऱ्याने वर गेलं, असा त्याचा शोध होता. आता ती नीट काढून परसात आणायची, म्हणून तो पहार शोधू लागला.

यशोदा टाकळ्याची भाजी निवडत होती. तिने मान वर केली नाही.

"ती मी लावलंय," ती म्हणाली. "हात लावशात, तर गोरवांनी काय खाल्ला नाय तां सायबाक सांगान."

गुणाजीने पहार शोधायचं सोडलं. मग पंचा खांद्यावर टाकून तो देवळाकडे गेला आणि वाऱ्याने बी गेल्याची गोष्ट तिथे सगळ्यांना सांगून आला. यशोदेने ती चालू दिली. फुलं जागेवर राहिली, एवढं तिला पुरे होतं.

पुढच्या वर्षी साहेब आले, सड्यावर पुन्हा गुडघ्यांवर बसले, गुणाजीची वाऱ्याची गोष्ट ऐकली, आणि वहीत 'श्री. गुणाजी घाडी यांच्या प्रयत्नाने' असं लिहून घेतलं. या खेपेला चहाही प्यायले. चहा बरा झालाय, असं ते यशोदेला म्हणाले. ती कप विसळून भातातलं तण काढायला, बेणणीला गेली.