सरकारच्या दारी मोकळा गळा

ट्रंकेत जपून ठेवलेल्या साडीला डांबराच्या गोळ्यांचा जो उग्र, गार वास येतो, तो भिवंडीच्या न्यायालयात मी गरिबीचा वास म्हणून ओळखू लागले. सधन माणसे कोर्टात चुरगळलेल्या सदऱ्यात येत. गरीब मात्र लग्नाला निघाल्यासारखे नटून येत.

नव्वदीच्या उत्तरार्धात मी तिथे नवखी वकील होते. कवितेचा अभ्यास करून मग कायद्याकडे वळलेली, म्हणून कलमांचीही लय शोधणारी. जवळच्या सायझिंग कारखान्यातली, सुताला लावायच्या खळीची आंबूस वाफ खिडकीतून आत येई आणि कागदांना, काळ्या कोटांना, बहुधा न्यायालाही चिकटून बसे. व्हरांड्यात मोफत कायदेविषयक मदतीचा फलक होता. त्यावरील एका ओळीवर माझा विशेष लोभ होता: कोठडीतला आरोपी आपोआप पात्र. तोच जामिनावर सुटला, की गरिबी सिद्ध करण्याची जबाबदारी त्याची. तुरुंगाबाहेरच्या मोकळ्या हवेत माणूस तत्काळ सधन होतो, यावर शासनाची श्रद्धा होती.

अंजूरच्या एका बाईचा मुलगा असाच सधन झाला होता. नारपोलीतल्या एका लूमवरून, म्हणजे यंत्रमागाच्या कारखान्यातून, सुताच्या गोण्या चोरल्याचा त्याच्यावर आळ होता. गावातल्या एका भल्या शेतकऱ्याने जामीन राहून त्याला सोडवले आणि नकळत अपात्र करून टाकले. पुढच्या तारखेला लूममालकाची साक्ष व्हायची होती. वकील मिळाला नाही, तर मालक बोलणार आणि त्याला उलट एक प्रश्नही कोणी विचारणार नाही, हे त्या माउलीला पक्के कळले होते. नवरा खाडीत रेती काढून काढून छातीने अधू झालेला. तलाठ्याचा उत्पन्नाचा दाखला तिने आणलाही होता.

पण ती आली ती गळ्यात सोन्याची गळसरी आणि हातांत पाटल्या घालून, सोबत गावची एक शेजारीण घेऊन. मदतीचे अर्ज पाहणाऱ्या कारकुनाने दाखल्याकडे नव्हे, गळ्याकडे पाहिले. ‘अंजूर’ ऐकून त्याच्या डोळ्यांपुढे गोदामांसाठी चढ्या भावाने विकलेल्या जमिनीही तरळल्या असाव्यात. दाखला खोटा असू शकतो, डोळे खोटे बोलत नाहीत, असे म्हणून त्याने अर्ज बाजूला सारला. स्वतःच्या डोळ्यांवर इतका विश्वास मी पुढे कवींमध्येही पाहिला नाही.

मी तिला व्हरांड्यात नेले आणि पुढच्या वेळी जुनेर नेसून, दागिने न घालता यायला सांगितले. ती माझ्याकडे अशी पाहू लागली, जणू मी तिला देवळात चपला घालून जायला सांगत होते.

“मोकल्या गल्यानं सरकारचे दारान कशी जाव, बाय? लोकं काय बोलतील, भीक मागाला आली?”

ती भीक नव्हे, तर हक्कच मागायला आली होती. तिचे म्हणणे कायद्याला धरूनच होते. पंचाईत एवढीच, की हक्क मिळवायला भिकाऱ्याचे सोंग लागत होते.

साक्षीच्या तारखेला ती पुन्हा आली. पहिल्या खेपेला काम झाले नाही, याचा तिने लावलेला अर्थ सरळ होता: दागिने कमी पडले. म्हणून या वेळी बोरमाळ, पोत, बुगड्या आणि नाकात भलीमोठी नथ. मागच्या बाकावर तिच्या गावच्या चार बाया बसल्या होत्या, चौघींचे गळे मोकळे. त्या कशाला आल्या, ते मला कळेना.

मुलाला वकील नाही हे पाहून न्यायाधीशांनी बाजूला पडलेला अर्ज मागवला. कारकुनाने उत्साहाने सुचवले, की अर्जदाराच्या आईचे दागिने काढून टेबलावर ठेवावेत, सोनाराकडून मोल करून घ्यावे.

मागचा बाक एकदम रिकामा झाला.

“ती बोरमाल माजी हाय,” पहिली पुढे येत म्हणाली. “तिची कंची? तिची काय बी न्हाय.”

दुसरीने नथेवर, तिसरीने पोतीवर हक्क सांगितला. चौथी कारकुनाला म्हणाली, “बुगड्यांना हात लावशील तर बघ, भाऊ.” मग सगळा उलगडा झाला. गावात मोठ्या कामाला निघालेल्या बाईला शेजारणी सोने देतात. ते उसने आहे हे चारचौघांत कोणी बोलत नाही. आणि सोने गावाबाहेर एकटे जात नाही, त्याच्या मालकिणीही सोबत निघतात. बाईने मान खाली घातली. तलाठ्याच्या शिक्क्याला जे जमले नव्हते, ते तिच्या इभ्रतीच्या मोबदल्यात पार पडले.

कारकुनाने दागिन्यांच्या पावत्या आहेत का, असेही विचारून पाहिले. त्याचे वाक्य संपण्याआधीच न्यायाधीशांनी सही करून अर्ज मंजूर केला. असल्या कमी पैशाच्या पुण्यकर्मात ज्येष्ठ वकील सहसा नवख्यांच्या आड येत नसत. सरकारी खर्चाने त्या मुलाला मिळालेली वकील मीच होते. साक्ष जेवणाच्या सुटीनंतर घ्यायचे ठरले.

व्हरांड्यात तिने मला निरखले. काळा कोट, पांढरी साडी, गळ्याशी दोन पांढऱ्या फिती, बाकी काही नाही. तिच्या मुलाचे सारे भवितव्य या असल्या गळ्यातून बोलणार होते. तिने बोरमाळेच्या मालकिणीकडे पाहिले. मालकिणीने क्षणभर विचार करून मान डोलावली. मग डांबराच्या गोळ्यांचा तो गार वास माझ्या अगदी जवळ आला, अंगाच्या उबेने कोमट झालेले मणी माझ्या तळहातावर उतरले, आणि ती म्हणाली,

“घाल.”