एकतीस डिसेंबरची घोडी

शर्यतीचे घोडे पाळणाऱ्या मालकांच्या बैठकीत कपाटभर चषक आहेत, पण पाहुण्यांना ते आधी खुंटीवरचा जुना लगाम दाखवतात. जन्म कधीचाही असो, आपल्याकडे शर्यतीच्या प्रत्येक घोड्याचं वय एक जानेवारीला वर्षाने वाढतं, म्हणून शिंगरू जानेवारी लागल्यावरच जन्मावं असं बघून घोडी नराला दाखवतात. नवखेपणी मालकांनी उतावीळपणे घोडी महिनाभर आधीच फळवली आणि पहिलं शिंगरू जन्मलं एकतीस डिसेंबरला.

"अहो, हिला अजून धड उभं राहता येत नाही, आणि उद्या ही एक वर्षाची?" बायकोने कपाळाला हात लावला.

ती बिचारी कायम वर्षाने थोरल्यांशी धावली आणि शेवटची आली. लोक हसले, पण मालकांनी तिला विकलं नाही. कपाटातले सगळे चषक तिच्याच पोरांचे.

"आणि तिचा कुठला?" पाहुणे विचारतात.

"एकही नाही," तिचा लगाम पुसत मालक म्हणतात. "चूक माझी होती, धावली मात्र ती."