मुलींची सोय

नळवाल्या आत्याशी वाद घालायला सहसा कुणी धजत नसे, कारण वाद घालताना ती हातातला पान्हा खाली ठेवत नसे. तसा तो पिशवीतून तिच्याबरोबर सगळीकडेच जाई, लग्नालासुद्धा. आत्या ती फक्त भावाच्या मुलीची, पण भाचीचं ऐकून ऐकून सगळ्या गल्लीची आत्या झाली होती. कुणाची मोरी तुंबली की आधी तिलाच हाक.

खरं तर तिला इंजिनियर व्हायचं होतं. यंत्रांचं वेड होतं, मार्क होते, वडिलांचा नकारही नव्हता. पण कॉलेजातले साहेब चष्म्यावरून बघत म्हणाले होते, "बाळ, वर्कशॉपच्या इमारतीत मुलींसाठी संडास नाही. सोय झाली की बघू." आणि आत्याचा भोळेपणा बघा, तिनं ते खरं मानलं! दुसरी एखादी रडून गप्प बसली असती. ही एका म्हाताऱ्या मिस्त्रीच्या हाताखाली नळकाम शिकायला गेली. सोय नाही ना? मग आपणच करू.

सोय करायला निम्मं आयुष्य गेलं. त्या इमारतीची दुरुस्ती निघाली तेव्हा तिनं पडेल दरात काम घेतलं, एकाच अटीवर: तळमजल्यावर मुलींचा संडास झाला पाहिजे. कंत्राटदार हसला, पण फुकटात कुणाला नको असतं? तिनं स्वतः पाइप टाकले, फरशा बसवल्या, दारामागे पिशवी अडकवायला स्वतःच्या उंचीनं खुंटी ठोकली. शिकायचं वय तेव्हा उलटून गेलं होतं. भाची पाळण्यात होती. मी नाही तर ही, असं म्हणून आत्यानं हात धुतले ते त्याच नळाखाली.

आणि यंदा भाचीला असे मार्क पडले की मेकॅनिकलचं दार आपोआप उघडावं. प्रवेशाच्या दिवशी दोघी त्याच इमारतीत रांगेत उभ्या राहिल्या. पुढच्या मुलाचे मार्क भाचीपेक्षा कितीतरी कमी, पण त्याला जागा मिळाली, वर कारकुनानं अभिनंदनही केलं. मग भाचीकडे बघून म्हणाला, "मेकॅनिकलला मुली घेत नाही. इमारतीत मुलींची सोय नाही."

आत्याला आधी हसूच आलं. "अहो, आहे की! मीच बांधलीय." भाचीचा हात धरून ती तरातरा तळमजल्यावर गेली. दाराला कुलूप. शिपायानं कुरकुरत ते उघडलं. आत छतापर्यंत मोडके बाक, झाडू आणि कुणाचा तरी गंजका कूलर. आत्याच्या तळपायाची आग मस्तकात गेली.

तशीच ती विभागप्रमुखांच्या खोलीत शिरली. "सर, तो संडास रिकामा करा आणि पोरीला प्रवेश द्या."

"बाई, संडासाचं काय घेऊन बसलात?" सर हसले. "मुली शिकतात, लग्न करून जातात. जागा फुकट. शिवाय यंत्रं जड असतात. तिला आर्किटेक्चरला घाला ना, छान नाजूक काम."

म्हणजे संडासाचं कधी काही नव्हतंच! एवढी वर्षं ती ज्या कारणाशी झुंजली, ते कारण नव्हतंच मुळी. दार लावून घेताना तोंडावर फेकलेलं एक वाक्य होतं फक्त. भाचीचे डोळे भरून आले. आत्याचे नाही. नाक दाबल्याशिवाय तोंड उघडत नाही, हे तिला फार उशिरा कळलं, पण कळलं.

ती इमारतीच्या मागे गेली, लोखंडी झाकण उचललं, पान्ह्यानं पाण्याचा मुख्य व्हॉल्व्ह आवळून बंद केला आणि झाकण लावून त्यावर मांडी घालून बसली. वरती प्रवेशाला आलेली मुलं, त्यांचे बाप, मास्तर, सगळे सकाळपासून चहावर चहा पीत होते. थोड्याच वेळात दबका आरडाओरडा सुरू झाला.

सर धावत आले. "काय तमाशा आहे हा? पाणी सोडा!"

"इमारतीत आता मुलांचीही सोय नाही, सर. सोय नाही तिथं प्रवेश नाही. नियम तुमचाच. पाठवा सगळ्यांना घरी."

जमलेल्या बापांपैकी एकजण कळवळून ओरडला, "अहो, घ्या ना त्या पोरीला! आमचा का जीव घेता?" न्यायाची चाड कुणालाच नव्हती, पोटात कळ मात्र सगळ्यांच्याच होती. निदान त्या कळेनं तरी मेले बोलले.

भाची प्रवेशाची पावती घेऊन आली तरी आत्या हलली नाही. "आधी ते बाक बाहेर."

बाक बाहेर आले, कूलर आला, झाडू आले. भाचीनं आत जाऊन दाराला आतून कडी घातली. तेव्हा कुठं आत्यानं व्हॉल्व्ह उघडला. पाइपातून पाणी धावत गेल्याचा आवाज आला आणि तिचा बांध फुटला. एवढंच तर करायचं होतं. त्या चष्मेवाल्यासमोर, त्याच दिवशी. आणि आपण साऱ्या आयुष्याचे पाइप जोडत बसलो.

भाची बाहेर आली, ओले हात ओढणीला पुसत. "आत्या, पिशवी अडकवली होती. खुंटी अजून घट्ट आहे गं."

"असणारच," आत्या डोळे पुसत म्हणाली. "माझ्यासाठी ठोकली होती."